शिधा कोणाच्या हातात? सिएरा नेवाडातील १८६७ चा संप : एक प्रकरण अभ्यास

पार्श्वभूमी

१ जुलै १८६२ रोजी, अमेरिकेत यादवी युद्ध ऐन भरात असताना, अब्राहम लिंकन यांनी पॅसिफिक रेल्वेच्या कायद्यावर सही केली. मिसूरी नदीपासून कॅलिफोर्नियापर्यंत सलग लोहमार्ग टाकायचे ठरले आणि ते काम दोन कंपन्यांत वाटले गेले. युनियन पॅसिफिकने ओमाहाकडून पश्चिमेला यायचे होते, तर सेंट्रल पॅसिफिकने सॅक्रामेंटोहून पूर्वेला जायचे होते. मार्गाच्या दोन्ही अंगांना पट्ट्यापट्ट्याने जमीन मिळणार होती. शिवाय बांधलेल्या प्रत्येक मैलामागे सरकारी रोख्यांच्या रूपाने कर्ज मिळणार होते: सपाटीवर १६,००० डॉलर, मधल्या उंच पठारी टापूत ३२,००० आणि डोंगरात ४८,००० डॉलर. हे रोखे काम सुरू होताच हाती पडत नसत. ठरावीक लांबीचा सलग मार्ग पूर्ण होऊन त्याची सरकारी तपासणी झाली की मगच ते मिळत, आणि पुढचे बहुतेक निर्णय समजून घेताना ही अट विसरून चालत नाही.

युनियन पॅसिफिकच्या वाट्याला सुरुवातीला शेकडो मैलांचे मैदान आले आणि सेंट्रल पॅसिफिकच्या वाट्याला सुरुवातीलाच सिएरा नेवाडा ही उंच पर्वतरांग आली. समुद्रसपाटीच्या जवळपास असलेल्या सॅक्रामेंटोपासून सुमारे शंभर मैलांत सात हजार फुटांवर चढायचे होते. ही वाट शोधून काढणारा अभियंता थिओडोर जुडा पैशाच्या खटपटीसाठी पूर्वेकडे जात असताना पनामात पिवळ्या तापाने आजारी पडला आणि नोव्हेंबर १८६३ मध्ये वारला. त्यानंतर कंपनीची सूत्रे लेलंड स्टॅनफर्ड, कॉलिस हंटिंग्टन, मार्क हॉपकिन्स आणि चार्ल्स क्रॉकर या सॅक्रामेंटोच्या चार व्यापाऱ्यांकडे राहिली. दुकानदारीत मुरलेल्या या माणसांपैकी कोणीही त्यापूर्वी रेल्वे बांधलेली नव्हती. रूळ, इंजिने, पहारी, सारे लोखंडी सामान पूर्व किनाऱ्यावरून दक्षिण अमेरिकेच्या टोकाला वळसा घालून जहाजाने येत असे.

आपल्याकडे याच सुमारास, १८५६ ते १८६३ या काळात, बोरघाटातून रेल्वे चढवण्याचे काम चालू होते. तिथेही चढ होता, पंचवीस बोगदे होते, कामाच्या भरात ४० हजारांहून अधिक मजूर होते, आणि जानेवारी १८५९ मध्ये थकलेल्या मजुरीवरून मोठा दंगा उसळला होता. मात्र बोरघाटातले कंत्राटदार बदलले तरी मजूर आपल्याच मुलखातले होते. सिएरातले मजूर समुद्रापलीकडून आलेले होते आणि पुढचे सगळे त्या एका फरकाभोवती फिरते.

अडचण

१८६५ च्या सुरुवातीला कंपनीने पाच हजार मजुरांसाठी जाहिरात दिली. आले काही शेकडे, आणि त्यांतलेही अनेकजण मार्गाच्या टोकापर्यंत जाऊन तिथून पुढे नेवाडा राज्यातल्या चांदीच्या खाणींकडे निघून गेले. पहारीने खडक फोडण्यापेक्षा चांदी सापडण्याची आशा बरी, असा त्यांचा हिशेब होता आणि तो काही चुकीचा म्हणता येणार नाही. बांधकामाची जबाबदारी क्रॉकरकडे होती आणि प्रत्यक्ष कामावर जेम्स स्ट्रोब्रिज हा कडक देखरेखदार होता. दोघांसमोर प्रश्न सरळ होता: माणसे नसतील तर मैल नाहीत, आणि मैल नसतील तर रोखे नाहीत.

१८६५ मधले पर्याय

युद्धातील दक्षिणेच्या कैद्यांना कामावर आणण्याचा विचार झाला, पण युद्धच संपल्याने तो बारगळला. मेक्सिकोतून मजूर आणण्याचीही चर्चा झाली. गोऱ्यांची मजुरी वाढवून त्यांना टिकवणे हा उघड मार्ग होता, पण खाणींशी स्पर्धा करायची तर वाढ कुठे थांबवायची याला अंत नव्हता. उरले कॅलिफोर्नियातले चिनी. दक्षिण चीनमधल्या ग्वांगडोंग प्रांतातून सोन्याच्या ओढीने आलेली ही माणसे दीड दशकापासून तिथे होती आणि त्यांतली मोजकी माणसे १८६४ पासूनच कंपनीच्या पगारपत्रकावरही होती.

स्ट्रोब्रिजचा या पर्यायाला विरोध होता, कारण अंगापिंडाने लहान दिसणाऱ्या माणसांकडून हे काम होणार नाही असे त्याचे मत होते. स्टॅनफर्डची अडचण वेगळी होती. १८६२ मध्ये राज्याचा गव्हर्नर होताना त्याने आपल्या पहिल्याच भाषणात चिन्यांच्या येण्याला आळा घालण्याची भाषा केली होती. शेवटी पन्नास माणसे घेऊन बघायचे ठरले. काही आठवड्यांत आणखी पन्नास घेतली गेली, मग शेकडे, आणि त्यानंतर थेट ग्वांगडोंगमधून भरती सुरू झाली. ऑक्टोबर १८६५ मध्ये हाच स्टॅनफर्ड राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांना कळवत होता की या मजुरांशिवाय कायद्याने दिलेल्या मुदतीत पश्चिमेकडचा भाग पुरा होणे अशक्य आहे. १८६७ पर्यंत कंपनीच्या दर दहा मजुरांमागे सुमारे नऊ चिनी होते.

मजुरीची बोली

इतिहासात ही भरतीची गोष्ट रंगवून सांगितली जाते. माझ्या मते खरा निर्णय भरतीत नव्हता, तो मजुरीच्या बोलीत होता, आणि तो फारसा विचार न करता, हिशेबाची सोय म्हणून घेतला गेला.

गोऱ्या मजुराला महिन्याला साधारण ३५ डॉलर आणि वर कंपनीच्या खर्चाने राहणे-जेवण मिळे. चिनी मजुराला सुरुवातीला २६ डॉलर, पुढे ३०-३१ डॉलर मिळत आणि जेवण ज्याचे त्याने करायचे असे. चिन्यांच्या टोळ्या केलेल्या होत्या. प्रत्येक टोळीला एक मुकादम आणि एक स्वयंपाकी असे. हजेरी मुकादमाची, पगार मुकादमाच्या हाती, तोही सोन्याच्या नाण्यांत, आणि त्यातून शिध्याचा खर्च वजा करून उरलेले पैसे टोळीत वाटले जात. ऊसतोडीच्या टोळ्या ज्यांनी जवळून पाहिल्या आहेत त्यांना ही रचना समजावून सांगावी लागणार नाही. कंपनीच्या कारकुनाला दहा हजार परकी नावे लिहिण्याची गरज उरली नाही. पगारपत्रकात मुकादमाचे नाव आणि त्याच्यापुढे माणसांचे दिवस एवढ्यावर काम भागले.

जेवण स्वतःचे असणे हा मजुरांचा तोटा होता, तसाच फायदाही होता. तांदूळ, सुकी मासळी, वाळवलेली फळे, भाज्या असा त्यांचा आहार गोऱ्यांच्या बटाटे-मांसापेक्षा चौरस होता. प्यायला उकळलेल्या पाण्याचा कोमट चहा असे. सुरुंगाच्या दारूची रिकामी पिंपे धुऊन त्यांत हा चहा भरायचा आणि कावडीने कामाच्या जागेपर्यंत पोहोचवायचा, हे टोळीतल्या एका माणसाचे दिवसभराचे काम होते. ओढ्याचे पाणी तसेच पिणारे गोरे हगवणीने आडवे होत असताना चिन्यांच्या टोळ्या कामावर उभ्या राहत. परंतु हा शिधा त्या निर्मनुष्य डोंगरात आणून कोण देत होते? सॅन फ्रान्सिस्कोकडचा व्यापारी अडत्या, आणि तोही कंपनीच्याच गाड्यांतून. जेवण मजुरांचे होते, पण ते त्यांच्यापर्यंत येण्याची वाट कंपनीच्या ताब्यात होती. १८६५ मध्ये या गोष्टीकडे दोन्ही बाजूंनी फारसे कोणी लक्ष दिलेले दिसत नाही.

शिखरावरचा बोगदा

सिएराच्या माथ्यावरचा सहाव्या क्रमांकाचा बोगदा १,६५९ फूट लांबीचा, अखंड ग्रॅनाइटमधला. एकाने पहार धरायची, दोघांनी आळीपाळीने घण घालायचे, प्रत्येक घावानंतर पहार थोडी फिरवायची. भोक पुरेसे खोल झाले की दारू ठासायची, वात लावायची आणि पळायचे. तीन पाळ्यांत चोवीस तास हे चाले. काळ्या दारूने एका तोंडावर दिवसाला साधारण एक फूट प्रगती होई. दोन तोंडांऐवजी चार तोंडांवर काम करता यावे म्हणून मध्यभागी वरून सुमारे ७३ फूट खोल विहीर उतरवली आणि तिच्या तळापासून दोन्ही दिशांना खोदाई सुरू केली.

यानंतर नायट्रोग्लिसरीन या स्फोटकाचा प्रश्न आला. एप्रिल १८६६ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत त्याच्या एका पेटीचा स्फोट होऊन बरीच माणसे मेली होती आणि त्याची वाहतूक बंद पडली होती. कंपनीने पर्याय काढला तो असा की, जेम्स हाउडन या रसायनतज्ज्ञाला शिखरावरच बसवून ते तिथल्या तिथे रोज लागेल तेवढे तयार करायचे. प्रगती दिवसाला पावणेदोन फुटांच्या वर गेली. तांत्रिक निर्णय म्हणून हा उत्तम होता. त्याची जोखीम मात्र निर्णय घेणाऱ्यांनी उचलली नाही.

१८६६-६७ चा हिवाळा भयंकर होता. त्या हंगामात ४४ वादळे मोजली गेली. मजूर बर्फाखालून खणलेल्या भुयारांतून झोपडीतून बोगद्यात आणि बोगद्यातून झोपडीत जात. आठवडेच्या आठवडे त्यांना ऊन दिसत नसे. हिमकडे कोसळून अख्ख्या छावण्या गाडल्या गेल्या आणि काही प्रेते बर्फ वितळल्यावर वसंतातच हाती लागली. बोगदा पुरा होण्याची वाट न पाहता तीन इंजिने, चाळीस डबे आणि चाळीस मैलांना पुरतील इतके रूळ घसरगाड्यांवरून माथ्यापलीकडे ओढून नेले, म्हणजे पलीकडच्या बाजूलाही काम सुरू करता यावे. ही घाई रेल्वे कायद्याच्या १८६६ मधल्या दुरुस्तीमुळे होती: दोन्ही कंपन्यांना एकमेकींना भेटेपर्यंत बांधत जाण्याची मुभा मिळाली होती, आणि आता शिखरावर वाया जाणारा दिवस पुढच्या सपाटीवर प्रतिस्पर्ध्याला मैल देऊन जात होता.

जून १८६७

वसंतात पुन्हा माणसे कमी पडू लागली, म्हणून कंपनीने आपणहून चिन्यांची मजुरी ३१ वरून ३५ डॉलर केली. मजुरांनी यातून योग्य तो अर्थ काढला: कंपनीला आपली गरज आहे. १९ जूनला एका बोगद्यातल्या स्फोटात एक गोरा आणि पाच चिनी ठार झाले. त्यानंतर आठवडाभरात, जूनच्या शेवटच्या आठवड्यात, माथ्याच्या दोन्ही अंगांना तीस मैलांच्या पट्ट्यात पसरलेले सुमारे तीन हजार मजूर एकाच दिवशी हत्यारे ठेवून छावण्यांत परतले.

मागण्या मोजक्या होत्या. महिन्याला ४० डॉलर, उघड्यावरच्या कामाला अकराऐवजी दहा तास, बोगद्यात आठ तास. वृत्तपत्रांतल्या बातम्यांनुसार आणखी दोन मागण्या होत्या: मुकादमांवरच्या देखरेखदारांनी चाबूक वापरू नये आणि काम सोडून जाणाऱ्याला अडवू नये. त्या काळात एवढ्या लांब पट्ट्यातले हजारो लोक एका वेळी काम थांबवतात, ते टोळी आणि मुकादम या रचनेखेरीज शक्य नव्हते. कंपनीने हिशेबाच्या सोयीसाठी जी साखळी उभारली होती, तिच्यावरूनच संपाचा निरोप गेला. दंगा झाला नाही, दारू नाही, आरडाओरडा नाही. जणू सगळीकडे रविवार असावा अशी शांतता होती, असे क्रॉकरने पुढे चिनी स्थलांतरावरच्या सरकारी चौकशीतल्या साक्षीत सांगितले आणि त्या शांततेनेच तो अधिक धास्तावलेला दिसतो.

कंपनीपुढचे आणि मजुरांपुढचे पर्याय

कंपनीला मागण्या मान्य करता आल्या असत्या, मजुरी किंवा तास यांपैकी एकावर तडजोड करता आली असती, अथवा बदली मजूर आणता आले असते. दक्षिणेतून नुकत्याच मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयांना आणण्याचा विचार झालाही, पण त्याला महिने लागले असते. एकदा मागणी मान्य केली की दर हंगामात नवी मागणी येईल ही भीती चौघांच्या पत्रव्यवहारात स्पष्ट दिसते.

मजुरांचे पर्याय याहून कितीतरी तोकडे होते. नेवाडातल्या खाणींत चिन्यांना थारा नव्हता. १८५४ पासून कॅलिफोर्नियाच्या न्यायालयात गोऱ्याविरुद्ध चिनी माणसाची साक्ष चालत नव्हती. नागरिकत्व गोऱ्यांसाठी राखीव होते, त्यामुळे मतदार म्हणून त्यांची दखल घेण्याचे कोणालाच कारण नव्हते. गोरे मजूर संपात उतरले नाहीत. आपल्याशिवाय बोगदा पुढे सरकत नाही, एवढाच एक आधार चिन्यांजवळ होता, आणि तो काही लहान नव्हता.

केलेली कृती

क्रॉकरने वाटाघाट केली नाही. त्याने शिध्याच्या गाड्या थांबवल्या. डोंगरात दुकान नव्हते, शेती नव्हती आणि आसपास गाव म्हणावे असे काही नव्हते. साधारण आठवडाभर दाणापाणी तोडल्यावर क्रॉकर, स्ट्रोब्रिज आणि शेरीफ गोऱ्यांची एक तुकडी घेऊन छावण्यांकडे गेले. कामावर येऊ इच्छिणाऱ्याला संरक्षण मिळेल, मजुरी मात्र ३५ च राहील, असे सांगण्यात आले. जुलैच्या पहिल्या दिवसांत टोळ्या पुन्हा कामावर गेल्या.

परिणाम

ऑगस्टच्या अखेरीस शिखराचा बोगदा आरपार झाला आणि नोव्हेंबरअखेर त्यातून रूळ गेले. १८६८ मध्ये नेवाडाच्या सपाटीवर कंपनीने साडेतीनशे मैलांहून अधिक मार्ग टाकला. २८ एप्रिल १८६९ रोजी एका दिवसात दहा मैल रूळ टाकण्याचा विक्रम झाला. त्या दिवशी रूळ उचलणाऱ्या आठ आयरिश मजुरांची नावे आजही सापडतात, त्यांच्यासोबत राबलेल्या चिन्यांची नाहीत. १० मे १८६९ रोजी यूटामधल्या प्रॉमॉन्टरी येथे दोन्ही मार्ग मिळाले. एकूण १,७७६ मैलांपैकी ६९० मैल सेंट्रल पॅसिफिकचे होते.

खंड ओलांडायला जिथे महिने लागत तिथे आठवडा पुरू लागला. मार्गाच्या भरभराटीची जी मोठी आशा आशियाच्या व्यापारावर होती ती मात्र फळली नाही, कारण त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये सुएझ कालवा खुला झाला आणि मार्च १८७० मध्ये जबलपूरला मुंबईची आणि कलकत्त्याची रेल्वे जोडली गेल्याने युरोपला पूर्वेकडे जाण्याची दुसरीच वाट मोकळी झाली. मैदानी प्रदेशातल्या लाकोटा, शायेन आणि इतर जमातींसाठी हा मार्ग म्हणजे त्यांच्या शिकारीच्या मुलखाचे दोन तुकडे होते. पुढच्या दीड दशकात गव्यांचे अफाट कळप जवळपास नामशेष झाले. तो विषय मोठा आहे आणि या प्रकरणाच्या कक्षेबाहेरचा आहे.

मजुरांचे काय झाले? काही कंपनीतच राहिले, काही इतर मार्गांवर गेले, काही शेतीत आणि खाणींत. १८८२ मध्ये चिनी मजुरांना देशात येण्यास बंदी करणारा कायदा झाला आणि तो १९४३ पर्यंत टिकला. १८८५ मध्ये वायोमिंगमधल्या रॉक स्प्रिंग्ज येथे, युनियन पॅसिफिकच्याच कोळसा खाणींवर, २८ चिनी कामगारांची हत्या झाली.

वेगळे काय करता आले असते

कंपनीच्या बाजूने आधी आकडे मांडून पाहू. संपावर असलेल्या तीन हजारांना पाच डॉलर वाढ म्हणजे महिन्याला १५,००० डॉलर, म्हणजे डोंगरातल्या एका मैलामागे मिळणाऱ्या सरकारी कर्जाच्या एक तृतीयांशाहून कमी. सर्व दहा हजारांना वाढ दिली असती तरी ती साधारण एका मैलाच्या कर्जाएवढी झाली असती. याविरुद्ध एक रास्त मुद्दा आहे. रोखे पूर्ण झालेल्या मार्गावरच मिळत आणि १८६७ च्या उन्हाळ्यात शिखराच्या अलीकडे-पलीकडे तुटक तुकडे पडलेले होते, त्यामुळे हातातली रोकड खरोखरच ओढगस्तीची होती. पण तासांची मागणी रोकड मागत नव्हती. बोगद्यात तीन पाळ्या आधीच चालू होत्या. तिथे आठ तास मान्य करणे ही बव्हंशी चालू पद्धत लिहून देणे ठरले असते. तेवढी एक गोष्ट देऊन कंपनीला आठवडा वाचवता आला असता. ती दिली नाही, यावरून चौघांना खर्चापेक्षा पायंड्याची चिंता अधिक होती असे मला वाटते.

मजुरांच्या बाजूने पाहिले तर वेळ अचूक निवडली होती. बोगदा आरपार व्हायला दोन महिने राहिलेले, पलीकडे सामान पडून, प्रतिस्पर्धी मैदानात धावतो आहे. कंपनीच्या दृष्टीने याहून वाईट वेळ नव्हती. चूक म्हणायची तर एकच, आणि ती दोन वर्षे जुनी होती: छावणीत पंधरा दिवसांचा तांदूळ साठवलेला नव्हता. परंतु अडत्याकडून उधारीवर येणारा शिधा साठवायला टोळ्यांजवळ ना जागा होती ना रोकड. म्हणून ही त्यांची चूक मानायला मी तयार नाही.

उरतो तो हजेरीपटाचा मुद्दा. प्रत्येक मजुराचे नाव लिहिण्याला एक-दोन जादा कारकून लागले असते, यापलीकडे काही नाही. ते न झाल्यामुळे किती माणसे आली, किती मेली, कोणाची मजुरी कोणाला द्यायची राहिली, यातले काहीच कंपनीच्या दप्तरातून काढता येत नाही. या हजारो मजुरांपैकी एकाचेही स्वतःच्या हातचे पत्र अभ्यासकांना अजून मिळालेले नाही. आज आपल्याकडे जे आहे ते मुख्यतः मालकांची पत्रे, १८७६ मधल्या चौकशीतल्या त्यांच्या साक्षी आणि वृत्तपत्रे.

त्या वृत्तपत्रांचेही एक उदाहरण देतो. परदेशी मेलेल्याच्या अस्थी गावी पाठवण्याची रीत या मजुरांत होती. जून १८७० च्या अखेरीस सॅक्रामेंटोच्या एका वृत्तपत्राने छापले की पूर्वेकडून आलेल्या गाडीत सुमारे १,२०० चिन्यांच्या, वजनाने २०,००० पौंड, अस्थी होत्या. त्याच गाडीबद्दल त्याच शहरातल्या दुसऱ्या वृत्तपत्राने आकडा दिला तो सुमारे पन्नासांचा. यातला खरा कोणता हे ठरवायला कंपनीचे पगारपत्रक उघडावे, तर तिथे मुकादमाचे नाव आहे आणि त्याच्यापुढे दिवसांची बेरीज.